बॅटरी चांगलीच होती

गाडी रत्नागिरीची. दहा वर्षांची डिझेल हॅचबॅक. मालकीणबाई माध्यमिक शाळेत शिक्षिका. कोणीतरी एका जुन्या वायरमनचं नाव सांगितलं म्हणून त्या आंबा घाट चढून कोल्हापूरला आल्या होत्या. वर्षभरात गाडीला दोन नव्या बॅटऱ्या बसल्या होत्या, अल्टरनेटर एकदा खोलून भरून झाला होता. तरीही सकाळी सेल्फ मारला की इंजिन कण्हत कण्हत फिरायचं, चालू झाल्यावर स्टिअरिंग काही क्षण जड व्हायचं आणि डॅशबोर्डवर इंजिन, एबीएस आणि स्टिअरिंग असे तीन दिवे एकदम लागायचे. शेवटच्या गॅरेजने स्कॅनर लावून सांगितलं होतं की ईसीएम गेला, म्हणजे इंजिन चालवणारा संगणकच बदलायचा. तो खर्च ऐकून बाईंनी गाडी विकायचं ठरवत आणलं होतं.

कोल्हापूरच्या उद्यमनगरात या वायरमनचा गाळा आहे. गाड्यांच्या विजेची अशी दुखणी समजून घ्यायला मी तिथे बसलो होतो. वायरमन साठीच्या पुढचे. डायनॅमो आणि कटआउटच्या काळात त्यांनी काम शिकायला सुरुवात केली, आता त्यांच्या टेबलावर टेस्ट लॅम्पशेजारी टॅबलेटएवढा स्कॅनर असतो. त्यांनी बॉनेट उघडण्याआधी बाईंना विचारलं, हे दिवे सकाळीच लागतात की कधीही? पावसाळ्यात त्रास वाढतो का? गाडी घरी कुठे उभी असते? मग स्कॅनर लावला. इंजिनच्या संगणकात पी ०५६२. एबीएसमध्ये आणि स्टिअरिंगमध्ये कमी व्होल्टेजचे आपापले कोड. शिवाय अमुक संगणकाशी संपर्क तुटला, तमुकाशी तुटला, अशा यू अक्षराच्या तक्रारी. यादी पडद्यावर मावत नव्हती. बाईंचा चेहरा उतरला तसे वायरमन म्हणाले, "घाबरू नका, बाई. दुखणं एकच हाय. बाकी सगळी त्याच्या नावानं बोंब मारायल्यात."

पी ०५६२ या कोडचं म्हणणं एवढंच, की सिस्टिमचं व्होल्टेज कमी आहे. अमेरिकेतल्या सोसायटी ऑफ ऑटोमोटिव्ह इंजिनिअर्सने कोडांची जी यादी जे २०१२ या क्रमांकाच्या मानकात बांधली, त्यातला हा एक. सुरुवातीचं पी हे अक्षर इंजिन आणि गिअरबॉक्सचं, सी चाकं-ब्रेक-स्टिअरिंगचं, बी बॉडीचं आणि यू संगणकांच्या आपसांतल्या बोलण्याचं. पुढचं शून्य सांगतं की हा कोड सगळ्या कंपन्यांना सारखाच लागू आहे. त्याचे शेजारीही ओळखीचे असावेत. ०५६० म्हणजे व्होल्टेजमध्ये गडबड, ०५६३ म्हणजे व्होल्टेज जास्त, आणि ०६२० पासूनचे काही कोड अल्टरनेटरच्या नियंत्रणाचे. ०५६२ नेमका किती व्होल्टला उमटावा हे प्रत्येक कंपनी आपल्या गाडीपुरतं ठरवते. बहुतेक ठिकाणी इंजिन चालू असताना व्होल्टेज दहा-अकराच्या खाली काही सेकंद राहिलं की तो नोंदला जातो.

या व्याख्येत बॅटरी कुठेच नाही, हे वाचकांनी नीट ध्यानात घ्यावं. संगणकाने त्याच्या स्वतःच्या पिनांवर व्होल्टेज मोजलं आणि ते कमी भरलं, एवढंच तो सांगतो. ते बॅटरीत कमी होतं, अल्टरनेटर कमी देत होता, की बॅटरीपासून संगणकापर्यंतच्या वाटेत कुठेतरी गळालं, हे त्याला कळण्याची सोयच नाही. तरीही हा कोड दिसला की आपल्याकडे पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "बॅटरी बदला." दुसऱ्या खेपेला अल्टरनेटर. तिसऱ्या खेपेला ईसीएम. बाईंची गाडी या तिन्ही पायऱ्या क्रमाने चढली होती आणि कोणत्याही पायरीवर कोणी वाट मोजली नव्हती.

स्कॅनर आपल्या गल्लीतल्या गॅरेजपर्यंत पोचला त्याला फार वर्षं झालेली नाहीत. अमेरिकेत १९९६ च्या मॉडेलपासून प्रत्येक मोटारीत ओबीडी २ सक्तीचं झालं. भारतात बीएस ४ बरोबर २०१० मध्ये पहिली पायरी आली आणि २०१३ पासून दुसरी. मूळ हेतू प्रदूषणावर नजर ठेवण्याचा होता. पण त्यामुळे स्टिअरिंगखाली सोळा पिनांचा एक ठरीव सॉकेट आला, आणि त्यात वायर खुपसली की गाडी बोलू लागते हे मेकॅनिकना कळलं. सोळाव्या पिनेवर बॅटरीचा थेट प्लस असतो, चौथी आणि पाचवी अर्थची, सहावी आणि चौदावी कॅन नावाच्या जाळ्याची. हे जाळं बॉशने १९८६ मध्ये डेट्रॉइटच्या परिषदेत मांडलं होतं. गाडीतले बहुतेक संगणक अशा दोन वायरींवरून एकमेकांशी बोलतात.

त्या एका खराबीतून कोडांची एवढी गर्दी का झाली, याचं उत्तरही या जाळ्यातच आहे. प्रत्येक संगणक ठरावीक व्होल्टेजपर्यंतच शुद्धीवर राहतो. सेल्फ फिरताना व्होल्टेज फार खाली गेलं की एखादा क्षणभर बंद पडून पुन्हा जागा होतो. तेवढ्या क्षणात बाकीचे नोंद करतात की इंजिनच्या संगणकाशी संपर्क तुटला. तो यू ०१००. एबीएसशी तुटला तर यू ०१२१. इलेक्ट्रिक स्टिअरिंगची मोटर जागच्या जागी चाक वळवताना पन्नास-साठ अँपिअरपर्यंत ओढते, म्हणून व्होल्टेज पडलं की ती स्वतःच मदत कमी करते आणि चाक जड होतं. सेन्सरना इंजिनचा संगणक पाच व्होल्ट बनवून देतो. त्याचंच पोट भरलं नाही तर ते पाचही डळमळतात आणि निरोगी सेन्सर खोटं सांगू लागतात. म्हणून अशा यादीतला प्रत्येक कोड स्वतंत्र आजार मानून सुटे भाग बदलत जाणं म्हणजे मालकाची लूट आहे. ती हेतुपूर्वक असो की अज्ञानाने, मालकाच्या खिशाला फरक पडत नाही.

वायरमननी एकही कोड पुसला नाही. आधी सगळे वहीत उतरवले. मग फ्रीझ फ्रेम उघडली. कोड नोंदला गेला त्या क्षणी इंजिन किती फेऱ्यांवर होतं, पाणी किती तापलं होतं, व्होल्टेज काय होतं, याची नोंद संगणक ठेवतो. इथे इंजिन थंड, फेऱ्या नुकत्याच आयडलला आलेल्या, व्होल्टेज १०.६. म्हणजे स्टार्टरचा भार उतरला होता, पण गार डिझेल इंजिनला ऊब देणारे ग्लो प्लग अजून तापत होते आणि अल्टरनेटरने पुरता भार उचलला नव्हता. ही नोंद सोन्याच्या मोलाची आहे, आणि बहुतेक ठिकाणी कोड वाचताक्षणी डिलीटचं बटण दाबून तीच घालवली जाते. बॅटरीचं टर्मिनल काढून ठेवलं तरीही अनेक गाड्यांत ती जाते.

मग मल्टिमीटर बाहेर आला.

लेड ॲसिड बॅटरी फ्रान्समध्ये गास्तों प्लांते याने १८५९ मध्ये बनवली. आजही गाडीत तीच आहे. शिशाच्या प्लेटा, गंधकाम्ल, प्रत्येक सेलचे सुमारे २.१ व्होल्ट आणि असे सहा सेल. म्हणून पूर्ण भरलेली, विसावलेली बॅटरी १२.६ च्या आसपास दाखवते. १२.४ म्हणजे साधारण पाऊण भरलेली, १२.२ म्हणजे निम्मी, १२ म्हणजे तळाला चाललेली. बारा व्होल्टची बॅटरी बारा दाखवतेय म्हणजे ठीक आहे, असं मी स्वतः गॅरेजांमध्ये ऐकलंय. ती ठीक नसते. ती तशीच राहू दिली तर प्लेटांवर सल्फेटचे कडक खडे धरतात, आणि मग ती कितीही चार्ज केली तरी तिची ताकद परत येत नाही.

पण बाईंची गाडी नुकतीच घाट चढून आलेली, बॅटरी ताजी चार्ज झालेली. अशा वेळी मीटर वरवरचा आकडा दाखवतो. वायरमननी हेडलाइट दोन मिनिटं लावून बंद केले, थोडं थांबले आणि मग मोजलं. १२.६. सेल्फ मारताना बॅटरीच्या खांबांवर १०.४. लोड टेस्टचा ढोबळ नियम असा, की चांगली बॅटरी भाराखाली ९.६ च्या खाली जाऊ नये. म्हणजे बॅटरीला दोष द्यायला जागा नव्हती. पण त्याच सेल्फच्या वेळी स्कॅनरच्या लाइव्ह डेटात इंजिनचा संगणक ९ व्होल्ट दाखवत होता. दहा मिनिटांत दुखण्याची हद्द आखली गेली. खांबावर १०.४, संगणकापाशी ९. मधले दीड-एक व्होल्ट वाटेत कुठेतरी जात होते.

उन्हाळ्यात ज्याने वाडीच्या टोकाच्या विहिरीवर मोटर चालवायचा प्रयत्न केलाय, त्याला हे समजावून सांगावं लागत नाही. डीपीजवळच्या घरात पंखा नीट फिरतो, टोकाला मोटर नुसती गुणगुणते आणि जळते. डीपीत बिघाड नसतो. तार बारीक, जोड सैल आणि भार मोठा असतो. गाडीत अंतर दोन-चार हातांचं, पण करंट शेकड्यांत. दोनशे अँपिअर ओढणारा स्टार्टर असेल आणि वाटेत एका ओहमच्या हजार भागांपैकी फक्त सात भाग अडथळा असेल, तरी १.४ व्होल्ट तिथेच संपतात. एवढा सूक्ष्म अडथळा साध्या मल्टिमीटरच्या ओहमच्या खुणेवर दिसतच नाही, कारण मीटरच्या स्वतःच्या वायरींचा अडथळा त्याहून जास्त असतो. कंटिन्युइटीची शिट्टी वाजते आणि मेकॅनिक म्हणतो, वायर चांगली आहे. मला विचाराल तर या धंद्यातली सगळ्यात महागडी चूक ही आहे.

बरोबर पद्धत म्हणजे भार चालू असताना वायरच्या दोन टोकांमध्ये व्होल्ट मोजणं. मीटरचं एक टोक बॅटरीच्या मायनस खांबावर, म्हणजे शिशाच्या खांबावरच, वरच्या क्लॅम्पवर नव्हे, आणि दुसरं इंजिनच्या उघड्या धातूवर. कोणी तरी सेल्फ मारायचा. तिथे ०.२ व्होल्टहून जास्त दिसायला नको. या गाडीत १.४ दिसले. मायनस खांब ते बॉडी, जवळजवळ शून्य. बॉडी ते इंजिन, सगळेच्या सगळे. दोषी सापडला. गिअरबॉक्सच्या माउंटजवळून बॉडीला जाणारी विणलेली अर्थची पट्टी. वरून ठीक दिसणारी. हाताने हलवली की मीटरचा आकडा नाचायचा. बोल्ट काढल्यावर टोकाच्या चिमट्यात हिरवट पांढरी भुकटी निघाली. गाडी समुद्रापासून हाकेच्या अंतरावर, उघड्यावर उभी राहायची. खारी हवा आणि चार महिन्यांचा पाऊस. आणि बॅटरीतून अल्टरनेटरकडे परतणारा चार्जिंगचा करंटही त्याच पट्टीतून जात असल्यामुळे बॅटरीही एरवी पुरती भरत नव्हती. रोजच्या शाळेच्या छोट्या फेऱ्यांत ती थोडी थोडी उतरत जायची. दोन नव्या बॅटऱ्या अशा खर्ची पडल्या होत्या.

नवी पट्टी काही शे रुपयांची. बॉडीवरचा रंग खरवडून धातू उघडा केला, बोल्ट आवळला, वरून ग्रीस लावलं. पुन्हा मोजलं, ०.१. आता कोड पुसले आणि गाडी रंकाळा तलावापर्यंत फिरवून आणली. यादीतला एकच कोड परतला, पुढच्या एका चाकाच्या एबीएस सेन्सरचा. तो खरोखरच वेगळा बिघाड होता, इतक्या गर्दीत लपलेला. आधी व्होल्टेज ताळ्यावर आणायचं, मग पुसायचं, मग जे परत येईल त्याचाच पाठलाग करायचा. हा क्रम उलटा केला की माणूस भरकटतो.

या गाळ्यात बसून एक गोष्ट फार जाणवली. जुन्या काळातल्या काही सवयी आज गाडी मारतात. अल्टरनेटर चार्ज करतोय का हे पाहायला चालू इंजिनवर बॅटरीचं टर्मिनल काढायचं, इंजिन बंद पडलं नाही तर अल्टरनेटर ठीक, ही तपासणी आजही सर्रास होते. डायनॅमोच्या गाडीत तसं करून निभावलं असेल. आजच्या गाडीत बॅटरी हा विजेच्या सगळ्या व्यवस्थेचा आधार आहे. भार चालू असताना तो आधार अचानक काढला की अल्टरनेटरचं व्होल्टेज क्षणार्धात उसळतं. आवर घालणारी सोय नसेल तर ते क्षणभर शंभरच्या आसपासही जाऊ शकतं. इंजिनचा संगणक, एअरबॅगचा संगणक, म्युझिक सिस्टिम, काहीही जळू शकतं. आपल्या गाडीचं टर्मिनल कोणी इंजिन चालू असताना काढायला लागला तर मालकाने त्याचा हात धरावा. भीड बाळगू नये.

अल्टरनेटर तपासायची सुरक्षित रीत सोपी आहे. आयडलला बॅटरीच्या खांबांवर साधारण १३.८ ते १४.४ दिसावेत. मग हेडलाइट, ब्लोअर, मागच्या काचेचा डिफॉगर लावून फेऱ्या दोन हजारांवर न्याव्यात. आकडा तेराच्या वर ठाम राहायला हवा. मीटर एसीवर करून पुन्हा खांबांवर लावावा. तिथे अर्ध्या व्होल्टच्या जवळपास काही दिसलं तर अल्टरनेटरमधला एखादा डायोड गेलाय. असा डायोड दुहेरी त्रास देतो, दिवसा चार्ज अपुरा आणि रात्री त्याच्यातूनच बॅटरीची गळती. सकाळी गार इंजिनवर अल्टरनेटर हाताला कोमट लागला तर ती खूण पक्की समजावी. बेल्ट आणि त्याचा टेन्शनर बघणं तर यातलं पहिलं काम, पण तेच बऱ्याचदा राहून जातं.

मात्र नव्या गाड्यांत हीच रीत फसवते. गेल्या दशकभरात अनेक गाड्यांमध्ये अल्टरनेटरला हुकूम देणारा संगणक आला. बॅटरी भरलेली असेल आणि तुम्ही एका वेगाने चालला असाल तर तो मुद्दाम चार्जिंग कमी करतो, व्होल्टेज साडेबारा-पावणेतेरापर्यंत येऊ देतो, म्हणजे इंजिनवरचा भार कमी होऊन इंधन वाचतं. उतारावर पाय काढला की पुन्हा १४.५ किंवा त्याहून वर. मारुतीच्या सियाझसारख्या गाड्यांनी २०१५ पासून ही विचारसरणी मध्यमवर्गीय घरांत आणली. अशा गाडीत मीटरवर १२.८ दिसले म्हणून चांगला अल्टरनेटर काढून नवा बसवल्याची उदाहरणं मी पाहिली आहेत. इथे स्कॅनरमध्ये संगणक किती व्होल्ट मागतोय हे बघावं आणि मिळतंय त्याच्याशी ताडावं. मागणं आणि मिळणं जुळत असेल तर अल्टरनेटर निर्दोष.

या गाड्यांच्या मायनस टर्मिनलवर छोटासा सेन्सर बसलेला असतो. बॅटरीत किती करंट गेला आणि किती आला याचा तो हिशेब ठेवतो. डॅशकॅम, अँप्लिफायर, जादा हॉर्न यांचा अर्थ थेट मायनस खांबावर जोडला की तो करंट सेन्सरला चुकवून जातो आणि हिशेब बिघडतो. जादा वस्तूंचा अर्थ बॉडीवर द्यावा, खांबावर नाही. आणि स्टार्ट-स्टॉप असलेल्या गाडीत त्यासाठी बनवलेली ईएफबी किंवा एजीएम बॅटरीच बसवावी. स्वस्त पडते म्हणून साधी बसवली तर ती लवकर बसते आणि पुन्हा तोच कोड.

दुसरा मोठा रोग म्हणजे उभ्या गाडीतली गळती. मार्च २०२० च्या टाळेबंदीत हजारो घरांनी तो अनुभवला, गाडी खाली सोसायटीत उभी आणि मे महिन्यात चावी फिरवली तर नुसती टकटक. तेव्हा बहुतेक गाड्यांत बिघाड नव्हता. घड्याळ, चोरीचा अलार्म, रिमोटची वाट पाहणारा रिसीव्हर, हे झोपेतही थोडा करंट घेतातच. पन्नास मिलिअँपिअरपर्यंत घेतला तर चालतो. पण गणित मांडा. पन्नास मिलिअँपिअर म्हणजे दिवसाला १.२ अँपिअर-तास. पस्तीस अँपिअर-तासांची बॅटरी निम्मी व्हायला साधारण पंधरवडा पुरतो. आणि गळती अर्ध्या अँपिअरची असेल तर दीड दिवस. दोन दिवस गाडी उभी राहिली की धक्का मारावा लागतो, अशी तक्रार असेल तर ती इथून तपासावी.

तपासणीला धीर लागतो, आणि तिथेच बहुतेक ठिकाणी घोडं अडतं. गाडी बंद केल्यावर तिचे संगणक लगेच झोपत नाहीत. अर्धा-पाऊण तास लागतो. त्याआधी मोजलं तर आकडा अवाच्या सवा दिसतो. दार उघडं ठेवून काम करायचं तर दाराचं लॅच स्क्रूड्रायव्हरने बंद करून गाडीला दार लागलं असं भासवावं लागतं, आणि चावी जवळ ठेवून चालत नाही, नाही तर गाडी जागीच राहते. मायनस केबलभोवती डीसी क्लॅम्प मीटर लावून थांबायचं. गळती आहे हे ठरल्यावर एकेक फ्यूज उपसत जाण्याची जुनी रीत आहे, पण फ्यूज काढला-लावला की झोपलेला संगणक जागा होतो आणि शोध पुन्हा पहिल्यापासून. त्यापेक्षा फ्यूजच्या डोक्यावर जे दोन उघडे धातूचे ठिपके असतात त्यांवर मीटर टेकवून मिलिव्होल्ट बघावेत. ज्या फ्यूजवर काहीच दिसत नाही तो मोकळा. ज्यावर दिसतंय, त्या वाटेने पुढे.

या वाटेच्या टोकाला काय सापडतं? फार वेळा कंपनीने न बसवलेली वस्तू. डॅशबोर्डखाली वायर सोलून पिळून जोडलेला ट्रॅकर, चावी बंद झाली तरी चालू राहणारा डॅशकॅम, चिकटलेला रिले, न विझणारा डिकीतला दिवा. ज्या सॉकेटात स्कॅनर लावतात तिथेच कायम खुपसून ठेवलेला स्वस्त ब्लूटूथ डोंगलही, कारण सोळावी पिन चावीला जुमानत नाही. पावसाळ्यात उंदीर. ते इंजिनच्या उबेला येतात आणि वायरींवरचं प्लॅस्टिक कुरतडतात. सोललेली वायर ओल्या धातूला टेकली की कधी फ्यूज उडतो, कधी नुसतीच गळती लागते, आणि दिवे कोरड्या दिवसांत आपोआप विझतात म्हणून दुखणं हाती लागत नाही.

विदर्भातल्या मित्रांची तक्रार वेगळी असते. चंद्रपूर-नागपूरच्या पंचेचाळीस अंशांत बॉनेटखालची बॅटरी किती तापत असेल याची कल्पना करावी. तापमान दहा अंशांनी वाढलं की बॅटरीचं आयुष्य जवळपास निम्मं होतं, असा ढोबळ नियम आहे. आतलं पाणी उडतं, प्लेटांच्या जाळ्या गंजतात. मे महिन्यात मार खाल्लेली बॅटरी डिसेंबरच्या पहिल्या गार सकाळी मान टाकते, आणि मालकाला वाटतं थंडीने घात केला. तिथे खरोखरच बॅटरी बदलावी लागते. बॅटरी कधीच दोषी नसते असं मी म्हणत नाही. पण ती दोषी आहे हे लोड टेस्टने सिद्ध व्हायला हवं.

इलेक्ट्रिक गाडी घेतली म्हणजे यातून सुटलो असं मानणाऱ्यांसाठी एक सूचना. त्या गाडीतही बारा व्होल्टची छोटी बॅटरी असतेच. मोठ्या बॅटरीला गाडीशी जोडणारे जाडजूड स्विच याच बारा व्होल्टवर चालतात. ती उतरली तर चारशे किलोमीटरचा चार्ज पोटात असूनही गाडी चालू होत नाही. तिथे अल्टरनेटरच्या जागी डीसी-डीसी कन्व्हर्टर असतो. २०२४ मध्ये ह्युंदाई आणि किआ यांनी अनेक देशांत आपल्या इलेक्ट्रिक गाड्या परत बोलावल्या, त्या बारा व्होल्टची बॅटरी चार्ज करणाऱ्या याच भागातल्या दोषामुळे. शोधाची वाट तीच राहते, बॅटरीच्या खांबापासून सुरुवात आणि भाराखाली मोजणं.

वायरमननी बाईंकडून पट्टीचे आणि मजुरीचे पैसे घेतले. मजुरी पट्टीहून जास्त होती आणि ती योग्यच होती. आपल्याकडे लोक चार-पाच हजारांच्या बॅटरीचे पैसे मुकाट्याने देतात, पण तासभर मीटर धरून बसलेल्या माणसाने पाचशे मागितले तर म्हणतात, केलं काय, एक पट्टी तर बदलली. जोवर गिऱ्हाईक शोधाचे पैसे देत नाही तोवर गॅरेजला पोट भरायला वस्तू विकाव्याच लागतील, आणि चांगली बॅटरी जुन्या भावात भंगारात जात राहील. ते भंगार म्हणजे शिसं आहे. ते वितळवताना निघणारा धूर कोणाच्या तरी वस्तीवर जातो. विनाकारण बदललेली प्रत्येक बॅटरी त्यात भर घालते.

म्हणून वाचकांना विनंती आहे. पुढच्या वेळी तुमच्या गाडीत कमी व्होल्टेजचा कोड निघाला आणि कोणी बॅटरी किंवा अल्टरनेटर बदलायला सांगितलं, तर आधी बिलाच्या मागे चार आकडे लिहून मागा. गाडी विसावलेली असताना खांबांवर किती, सेल्फ मारताना किती, इंजिन चालू असताना सगळा भार लावून किती, आणि सेल्फ मारताना मायनस खांब ते इंजिन किती. हे मोजण्याचे पैसे वेगळे द्या, घासाघीस न करता द्या. जो आकडे लिहून देईल त्याच्याकडे गाडी ठेवा. जो देणार नाही, त्याच्याकडून गाडी परत घेऊन या.